गळलेलं क्रियापद

वसंता, आज तुझी तेरवी झाली आणि तू काही आला नाहीस.

हे कोणी वाचलं तर म्हणेल, सदाशिव कंपोझिटरचं डोकं फिरलं. म्हणू दे. तुला मी काय म्हणतो ते बरोबर कळलं असतं. फार तर तू विचारलं असतंस, की वाक्यात हे 'काही' कशाला घुसडलं, त्यानं कोणता अर्थ वाढला? मी म्हटलं असतं, अर्थ नाही वाढला, राग वाढला. आणि मग त्या एका शब्दावरून आपण चहा थंड होईपर्यंत भांडलो असतो.

मला तुझा राग आलाय आणि तो कुठे ठेवावा ते कळत नाही. तुझं नाव, गाव, वय, मागे कोण राहिलं, हे सगळं मी तेरवीच्या पत्रिकेत शिशाच्या अक्षराचा एक एक खिळा उचलून जुळवलंय. ते इथे पुन्हा सांगत बसत नाही.

तू पहिल्यांदा आलास तोही भांडायलाच. अडुसष्ट-एकोणसत्तरची गोष्ट असेल. नागपूरच्या महाल भागातल्या आमच्या प्रेसला ऑफसेट छपाई म्हणजे काय ते ऐकूनसुद्धा माहीत नव्हतं. तू मराठीचा मास्तर. सातवीच्या पोरांसाठी तू व्याकरणाची एक पुस्तिका लिहिली होतीस आणि शाळेनं ती आमच्याकडे छापायला दिली होती. प्रत्येक वाक्यातलं क्रियापद काळ्या ठसठशीत टाइपात हवं, अशी तुझी सूचना होती, खाली दोन रेघा मारून. काळ्या टाइपाची आमच्याकडे एकच केस, म्हणजे खिळ्यांची खणाखणांची पेटी, आणि ती त्या आठवड्यात लग्नपत्रिकांत अडकलेली. मी म्हटलं, आधी साधी अक्षरं लावून घेऊ, क्रियापदांच्या जागी कोरे ठोकळे बसवू, टाइप सुटला की भरू. आणि बाराव्या पानावर भरायचंच विसरलो. पान तसंच मशीनवर चढलं. गाय गवत. मुले मैदानावर. आई देवाला फुले. सूर्य पूर्वेला. प्रूफही मीच पाहिलं होतं, आणि माझ्या डोळ्यांनी ती सगळी क्रियापदं आपली आपण भरून घेतली होती. वाचणारा माणूस असं करतो, हे मला तोवर माहीत नव्हतं.

जिन्यावरून तुझी चप्पल आधी ऐकू आली. डावी टाच घासत चालायचास तू. वर येऊन तू पुस्तिका माझ्या केसवर आपटलीस.

"काय गा, क्रियापदं काय उंदरायनं खाल्ले?"

माझी चूक होती, पण कबूल करायचा माझा स्वभाव नाही. मी म्हटलं, "मास्तर, समजून तं राहिलं ना? गाय गवत म्हटल्यावर ते काय गवत शिवून राहिली?"

 तू कागदाच्या रिमावर बसलास आणि ते पान पहिल्यापासून मोठ्यानं वाचायला लागलास. प्रत्येक वाक्य संपलं की थांबायचास. 'सूर्य पूर्वेला' वाचून झाल्यावर तू इतका थांबलास की मशीनवाल्यानंही मान वळवून पाहिलं.

"अशे बोलणारे लोक कुठीतरी असन गा," तू म्हणालास.

"असन तं त्यायले आमच्या प्रेसचा पत्ता द्या," मी म्हटलं. तू इतका हसलास की शाईच्या पाटीवर हात पडला आणि तुझ्या पांढऱ्या सदऱ्याचं वाटोळं झालं. त्या दिवशी तू 'तुम्ही मास्तर' होतास. दिवाळीपर्यंत 'तू वसंता' झालास.

त्या लोकांच्या देशाला आपण नाव कधी दिलंच नाही. नुसतं 'तिकडे' म्हणायचो. रविवारी सकाळी प्रेस बंद असायचा. कोपऱ्यावरून तर्री-पोहे आणायचे, तू वही उघडायचास आणि सांगायचास, तिकडे झाडं पानं गाळत नाहीत, सावली गाळतात. बायका सकाळी अंगणातली पडलेली सावली झाडून काढतात आणि उन्हाळ्यासाठी माठात भरून ठेवतात. तिकडची नदी वर्षातला एक महिना डोंगर चढते. मी विचारायचो, त्या महिन्यात कोळी लोक काय करतात? तू म्हणायचास, थांब, विचारून सांगतो. आणि पुढच्या रविवारी खरंच उत्तर आणायचास. मी चाळीस अंश उन्हात पत्र्याखाली बसून दुसऱ्याच्या देशातल्या कोळ्यांची काळजी करत होतो. माझ्या घरच्यांना हे कळलं असतं तर त्यांनी माझा रविवार बंद केला असता.

आणि मग अनुक्तपंथ. ते नाव तुझंच, मास्तरी; अनुक्त म्हणजे न उच्चारलेलं. मी 'अर्धवटपंथ' सुचवलं होतं, तू दोन दिवस फुगला होतास.

पंथाची सुरुवात मौळीपासून. मौळी ही तिकडची छपरं शाकारणारी बाई. एकदा तिनं छपरावरून मुलाला हाक मारली, "पोरा, तू जेवायला", आणि तेवढ्यात चढणीला लागलेल्या नदीनं पोराला उचललं. ते वाक्य मौळीनं जन्मभर पुरं केलं नाही. लोक म्हणाले, बाई, सोड आता. ती म्हणाली, वाक्य पुरं होत नाही तोवर तो जेवायला निघालेलाच आहे. तिच्याभोवती माणसं जमायला लागली. त्यांनीही बोलताना शेवटचा शब्द सोडायला सुरुवात केली. त्यांचं म्हणणं एवढंच, की हे सगळं जग म्हणजे कोणीतरी सुरू केलेलं एक वाक्य आहे. आपण कर्ता आणि क्रियापद यांच्या मधल्या जागेत राहतो, आणि जे वाक्य पुरं झालं ते मेलं.

तू हे वाचून दाखवलंस तेव्हा माझ्या अंगावर काटा आला होता. मी तुला तसं सांगितलं नाही. मी म्हटलं, "मौळीनं छपराचे पैसे घेतले का नाही?"

तुझं एक लाडकं मत होतं, की आपण नागपूरकर जन्मजातच अनुक्ती. शाळेत पुस्तकी मराठी बोलून दमलेला तू प्रेसमध्ये आलास की म्हणायचास, "पुण्याचा माणूस जेवतो अन् मोकळा होते. आपला माणूस जेवूनच राहिला. येऊन राहिला, जाऊन राहिला, करून राहिला. काहीच संपवत नाही गा आपण." मी म्हणायचो, म्हणूनच आपली कामं होत नाहीत. तू म्हणायचास, म्हणूनच आपण बरे.

आता ती गोष्ट. ती टाळून मला पुढे जाता येत नाही.

तुझा आणि कुसुमवहिनींचा मुलगा तीन दिवसांचा होऊन गेला, त्यानंतर वर्षभरानं मौळी तुझ्या वहीत आली. हा हिशोब मला लागायला हवा होता. मी अक्षरं उलटी वाचणारा माणूस, मला सरळ गोष्ट दिसली नाही. वहिनी पोराचा विषय निघाला की "तो आला होता" एवढंच म्हणायच्या, आणि तू त्यांच्याकडे पाहून मान हलवायचास. मी समजायचो, बोलवत नसेल.

एका रविवारी वाद पेटला. मी म्हटलं, वाक्य अर्धं ठेवणं हा भित्रेपणा आहे. मौळीनं शेवटचा शब्द उच्चारला असता तर निदान तिला रडता आलं असतं. तू म्हणालास, "मंग पोरगा कुठं राह्यला असता?" मी तोवर तापलो होतो. मी म्हटलं, "पोरगा मेला, वसंता. एकदा तोंडानं म्हण तरी. मेला म्हण."

तू पोह्यांची बशी खाली ठेवलीस. वही पिशवीत घातलीस. जिना उतरताना तुझी टाच घासली नाही, म्हणजे तू फार हळू उतरला असशील. त्यानंतर सात महिने तू आला नाहीस. तुझी सावनेरच्या शाळेत बदली झाली तेही मला बाहेरून कळलं. मी दोनदा एस.टी. स्टँडपर्यंत गेलो आणि दोनदा परत आलो. हे तुला कधी सांगितलं नाही. आज सांगतो, म्हणजे कोणालाच सांगत नाही.

मग एका रविवारी पुन्हा ती टाच. वहिनींच्या माहेरचं, भिवापूरचं तिखट तू कागदात बांधून आणलं होतंस. पुडा केसवर ठेवलास आणि काल संध्याकाळीच भेटल्यासारखा म्हणालास, "सदू, पंथाचा नवा नियम सापडला गा."

नियम असा. माणूस मरायला टेकला की त्याच्या कानात कोणीतरी एक क्रियापद सांगायचं. एकच, आणि दिलेलं परत घेता येत नाही. त्यानं त्याचं वाक्य पुरं होतं आणि तिकडे तो तेच होऊन जातो. 'वाहतो' मिळालेला नदीत जातो, 'उगवतो' मिळालेला झाडाला लागतो. क्रियापद असं निवडायचं की ते 'मी'लाही लागावं आणि 'तो'लाही. मी वाहतो, तो वाहतो. रूप एकच. कारण देणारा आणि जाणारा दोघेही त्यात बांधले जातात. आणि ते आईनं द्यायचं नाही, बायकोनं नाही, गुरूनं नाही. ती माणसं मायेपोटी गोड काहीतरी देतात. ज्याच्याशी उभा जन्म भांडण केलं त्यानंच द्यायचं, कारण तो खोटं देणार नाही.

मी तुझ्याकडे पाहिलं, तू तिखटाच्या पुड्याकडे पाहत होतास. तू मला माफ केलं होतंस, आणि नुसतं माफ नाही, कामाला लावलं होतंस. मी माफी मागायला हवी होती. मी म्हटलं, "पोहे गार होऊन राहिले." तेव्हापासून ती माफी माझ्याकडेच आहे.

"मले काय देशीन?" तू त्या दिवशी विचारलंस.

"उकळतो," मी म्हटलं. "जन्मभर चहाच तं ढोसला." तू खूश झालास. पुढे कित्येक वर्षं चहाच्या टपरीवर तू भांड्याकडे बोट दाखवून म्हणायचास, हा पाहा, आपला कोणीतरी.

वसंता, त्या रविवारांचं माझ्यावर काय ऋण आहे ते तुला माहीत नव्हतं. मी आठवी नापास माणूस. दुसऱ्यांची लग्नं, दुसऱ्यांची बारशी, दुसऱ्यांचे जाहीरनामे उलट्या अक्षरांत लावण्यात आयुष्य गेलं. माझ्या स्वतःच्या बोलण्याला कोणी कधी वही उघडली नव्हती. तू माझी कुचकट वाक्यंसुद्धा 'एक नास्तिक अनुक्ती म्हणतो' असं म्हणून उतरवून घ्यायचास. त्या देशात मला एक जागा होती. आता तिकडे जायचा रस्ता सांगणारा कोणी नाही, आणि वह्या उघडल्या तर नुसतं तुझं अक्षर दिसतं.

काविळीनं तू हातातून गेलास. सरकारी दवाखान्याच्या त्या वॉर्डात मी रोज यायचो, रोज विचारायचो कसा आहेस, आणि तू रोज म्हणायचास, "मरून राहिलो गा." शेजारच्या खाटेवरचा म्हातारा हसायचा. मी हसत नव्हतो. मला ते नागपुरी व्याकरण तेव्हा अजिबात गोड वाटत नव्हतं.

एकदा तू माझं मनगट धरलंस. "सदू, ठरलं का? काय देशीन?"

मला काय झालं कोण जाणे. मी वसकन ओरडलो. "काही देणार नाही. ते तिकडचे खेळ आता बंद कर. बरा हो अन् घरी चाल."

"मंग मी असाच लटकून राहू?"

मी खिडकीकडे तोंड केलं. तू पुन्हा विचारलं नाहीस. जन्मभर माझ्याशी एका शब्दासाठी वाद घालणारा माणूस, आणि त्या एका शब्दासाठी तू वाद घातला नाहीस.

तो शेवटचा दिवस. दुपारचे तीन वाजले असतील. वहिनी सकाळपासून स्टुलावर, पोटात काही नाही. मी थर्मास उचलला. पलीकडच्या खाटेपाशी कोणाचे तरी नातेवाईक आले होते, मोठा गलका चालला होता. तुझे डोळे मिटलेले. तुला ऐकू जावं म्हणून मी वाकलो आणि कानाशी तोंड नेऊन म्हटलं, "येतो गा."

एवढंच. 'जातो' म्हटलं म्हणून लहानपणी आईनं थोबाडीत दिली होती. तेव्हापासून कोणताही उंबरा ओलांडताना तोंडातून 'येतो' आपोआप निघतं, प्रत्येक मराठी माणसाच्या निघतं. मी चहा आणायला चाललो होतो. टपरीवर दूध संपलं होतं, पोऱ्या आणायला गेला होता, मला उशीर झाला. वर आलो तेव्हा तुझ्या तोंडावर चादर होती आणि वहिनी उभ्या होत्या.

चौथ्या दिवशी वहिनींनी तेरवीच्या पत्रिकेचा मजकूर द्यायला मला घरी बोलावलं. कागद दिला आणि म्हणाल्या, "भाऊजी, त्या दिवशी तुम्ही त्यायच्या कानात काय सांगतलं?"

"काही नाही वहिनी. चहा घेऊन येतो म्हटलं."

"चहा घेऊन म्हटलं, का नुसतं येतो म्हटलं?"

"नुसतं येतो."

त्या पदराचा काठ दुमडायला लागल्या. "तुम्ही खाली गेले अन् त्यायनं डोळे उघडले. मले म्हणे, 'सदूनं देल्लं वं.' मी म्हटलं, काय देल्लं? तं हासले. लय दिवसानं हासले. मंग काही बोललेच नाही."

मी कागदाची घडी घातली, उघडली, पुन्हा घातली. वहिनींनी वर पाहिलं. "भाऊजी, तुम्ही तं आले थर्मास घेऊन. मंग येतो म्हणजे आता कोण येते?"

 मी पायऱ्या उतरलो आणि महालापर्यंत चालत आलो.

वसंता, तू चुकीचा माल घेऊन गेलास रे. मी दिलं नव्हतं. माझ्या तोंडून सांडलं ते तू उचललंस आणि समाधानानं गेलास, आणि मी ते आता सुधारूही शकत नाही. प्रूफ गेलं, पान छापून झालं. मला एक संधी दिली असतीस तर मी 'राहतो' दिलं असतं. कदाचित ते देण्याआधी भांडलोही असतो. पण पोराबद्दल जे बोललो त्याची माफी मागून मग दिलं असतं. आता तू तिकडे 'येतो' होऊन बसला आहेस, आणि मीही त्याच शब्दात बांधला गेलोय, आणि दोघांपैकी कोणीच कुठे येत नाही.

मग मी एक वेडेपणा केला. तो वहिनींना सांगितलेला नाही.

पत्रिकेची शेवटची ओळ नेहमीचीच. आपण सर्वांनी उपस्थित राहून मृतात्म्याच्या शांतीसाठी प्रार्थना करावी. मी ती लावली. 'करावी' काळ्या टाइपात लावलं, तुझ्या सूचनेप्रमाणे. मग ते चिमट्यानं काढून घेतलं आणि त्या जागी कोरे ठोकळे बसवले. मृतात्म्याच्या शांतीसाठी प्रार्थना. तेवढीच ओळ छापली. पहिल्यांदा तू अशाच एका चुकीनं वर आला होतास. तुला आणायचा दुसरा उपाय मला येत नव्हता.

पत्रिका वाटल्या गेल्या. मी रोज केससमोर उभा राहून जिन्याकडे कान लावून होतो. माणसं चढली, उतरली. माझं हे वागणं अगदी मौळीसारखं होतं, आणि तिला भित्री म्हणणारा मीच.

आज तेरवीला सावनेरहून तुझ्या शाळेतले मास्तर आले होते. त्यात दोघे मराठीचे. एकाच्या हातात पत्रिका होती, तिचाच पंखा करून तो वारा घेत होता. मी म्हटलं, गुरुजी, चष्मा विसरलो, शेवटची ओळ जरा वाचता का? त्यानं पत्रिका डोळ्यांसमोर धरली आणि स्वच्छ आवाजात वाचलं, "मृतात्म्याच्या शांतीसाठी प्रार्थना करावी." मी म्हटलं, पुन्हा वाचा. त्यानं पुन्हा तसंच वाचलं, 'करावी'सकट. म्हणाला, छपाई सुबक आहे हो. मग पानं मांडली, आणि सगळे जेवायला बसले.

मी जेवलो नाही. प्रेसमध्ये येऊन बसलो. ते काळं 'करावी' अजून माझ्या केसवर वेगळं पडलंय. एवढ्या पत्रिका घरोघरी गेल्या, वसंता, आणि शेवटचा शब्द कुठे गेला म्हणून भांडायला एकही माणूस जिना चढून आला नाही.